हिमांतली लिंबोणी

आमचे चिरंजीव अमेरिकेंत शिकागो शहराजवळ राहतात. २०१६ सालीं नातवाच्या जन्माच्या वेळीं आम्ही उभयतां तेथें प्रथम गेलों, तेव्हां मुलांच्या आईनें हिंदी लोकांच्या दुकानांतून आणलेल्या एका कागदी लिंबाच्या बिया चहाच्या पेल्यांत पेरल्या. कागदी लिंबाच्या एका बींतून पुष्कळदां दोन-तीन अंकुर निघतात आणि त्यांतील बहुतेक मातृवृक्षाचेच गुण घेऊन येतात. म्हणून आपल्याकडे ही जात बीपासून लावण्याची वहिवाट आहे. पुढें २०२० सालीं ती निवर्तली. रोप मात्र सूनबाईंनीं कुंडींत वाढविलें. तें छातीइतकें उंच झालें, पण फळ म्हणून धरलें नव्हतें.

२०२३ च्या नोव्हेंबरांत आम्ही एकटेच तेथें गेलों. झाड कोठें आहे म्हणून विचारलें, तों सूनबाईंनीं आम्हांस मोटार ठेवण्याच्या जागेलगतच्या एका खोलींत नेलें. तेथें ऊब नाहीं. पारा आठ-दहा अंशांवर. एक खिडकी, आणि कुंडींतील माती वरून कोरडी. आई गेलेलें पोर घराच्या सांदींत पडावें, तसें हें पडलें आहे असें आमच्या मनांत आलें. बोललों नाहीं, चेहरा बोलला असावा. दुसऱ्याच दिवशीं चिरंजीवांकडून झाड दिवाणखान्यांत आणविलें व दक्षिणेच्या मोठ्या कांचेच्या दारापाशीं, जेथें उष्ण हवेचा झरोका आहे तेथें, ठेवविलें. रोज स्नानानंतर तुळशीस घालावें तसें तांब्याभर पाणी स्वहस्तें घालूं लागलों.

सूनबाई एकदां हळूच म्हणाल्या, “मामंजी, हिवाळ्यांत त्याला पाणी कमीच लागतें.”

आम्हीं म्हटलें, “बाई, आमचा जन्म लिंबोणीच्या मळ्यांत गेला.”

ही गोष्ट खरी नव्हे. मळा श्रीगोंद्याकडे आमच्या थोरल्या बंधूंचा; आमचा जन्म शाळेंत शब्दांचीं रूपें घोकविण्यांत गेला. अमरकोशांत जंबीरास दंतशठ असें नांव आहे, हें आम्हांस तोंडपाठ. त्याच्या मुळांस वारा लागतो, हें ठाऊक नव्हतें.

जानेवारीच्या मध्यास बाहेर पारा शून्याखालीं वीस अंशांच्याही पलीकडे उतरला. दारें-खिडक्यांच्या कडांवर आंतून हिमाचे कण धरूं लागले. एके सकाळीं फरशीवर दहा-बारा पानें पडलेलीं दिसलीं. पिवळीं नव्हेत, चांगलीं हिरवींगार. झाड तहानलें असें समजून आम्हीं पाणी वाढविलें. आठवड्याभरांत फांद्यांवर कांटे तेवढे उरले. नातवानें विचारलें, “आजोबा, आजीचें झाड मेलें का?” त्या दिवशीं आम्हांस अन्न गोड लागलें नाहीं.

त्या रात्रीं सूनबाईंनीं जमिनीवर जुनीं वर्तमानपत्रें पसरून झाड कुंडींतून उपसलें. मातीस कुजकट वास येत होता. खालचीं मुळें काळीं पडून बोटांत सुटत होतीं. तीं त्यांनीं कात्रीनें छाटलीं आणि भरड, कोरड्या मातींत झाड पुन्हां बसविलें. मग नखानें खोडाची साल किंचित् खरवडून आम्हांस दाखविली. आंत हिरवें होतें.

आम्हीं कारण विचारलें, तेव्हां त्यांनीं तें सांगितलें. लिंबवर्गाच्या झाडांची वाढ सुमारें १३ अंशांच्या खालीं थांबते. कांचेलगतची फरशी थंड, त्यावर आमचें थंड पाणी. त्यामुळें मुळें गारठून निजलेलीं. वर मात्र कांचेंतून येणारें ऊन व झरोक्याची कोरडी ऊब पानांस जागी ठेवीत होती. पानांनीं पाणी मागावें आणि मुळांस तें देववूं नये, अशा पेचांत झाड पानें टाकून देतें. शिवाय माती सदा ओली, म्हणून मुळांचा श्वास कोंडला. त्या थंड खोलींत मुळें आणि पानें एकाच वेळीं निजत होतीं, आणि म्हणूनच झाड सात हिवाळे सुखरूप राहिलें होतें.

“मग हें आधींच स्पष्ट कां सांगितलें नाहीं?”

“सासूबाईंच्या आठवणीनें पाणी घालीत होतां, मामंजी. कसें सांगणार?”

यावर आम्हांस उत्तर सुचलें नाहीं. बंधूंच्या मळ्यांतला ताण आठवला. आंबे बहार धरावयाचा असला कीं थंडीच्या दिवसांत ते झाडांचें पाणी तोडीत. पानें मलूल होत, आम्ही कळवळून कांहीं म्हटलें कीं ते हंसत. पुढें पाणी सोडतांच फुलांनीं फांद्या भरून जात. डोळ्यांदेखतची गोष्ट, पण परमुलखांत ती स्मरली नाहीं. फ्रान्सच्या चौदाव्या लुईसाठीं व्हर्साय येथें १६८४ ते १६८६ या काळांत नारिंगांच्या झाडांकरितां घर बांधलें गेलें. जाड भिंती व दक्षिणेचें ऊन यांच्या आधारावर तीं झाडें तेथें हिवाळा काढतात. लांकडी पेट्यांतून ऑक्टोबरांत आंत जातात, मे महिन्यांत बाहेर येतात. इटलींत गार्डा सरोवराच्या कांठच्या लिंबांच्या बागा थंडींत फळ्या व कांचा लावून झांकीत, आणि विस्तव पेटवावयाचा तो अगदीं कडक रात्रींच. कागदी लिंबू या सर्वांहून नाजूक. परंतु त्यालाही हिवाळ्यांत हिमापासून आडोसाच हवा असतो, दिवाणखाना नव्हे.

झाड आपल्या खोलींत परत गेलें. बोटाचीं दोन पेरें मातींत खुपसून कोरडी लागली तरच पाणी; तेंही दोन-तीन आठवड्यांनीं, सूनबाईंच्या हातून. मार्चअखेर एका डोळ्यांतून मोहरीएवढा हिरवा ठिपका डोकावला. नातू धांवत सांगत आला. मे महिन्याच्या मध्यास हिमाचें भय सरल्यावर कुंडी अंगणांत नेली, पहिला आठवडा सावलींत. आणि दुसऱ्याच दिवशीं आम्ही स्वदेशीं निघालों.

त्या पावसाळ्यांत फुलें आल्याचें कळलें. नऊ फळें धरलीं, सहा गळलीं, तीन टिकलीं. एक सासूबाईंच्या तसबिरीपुढें ठेवलें. उरलेल्या दोहोंचें लोणचें कसें घालावें, असें सूनबाईंनीं पत्रांत विचारलें होतें. दोन लिंबांचें लोणचें होत नाहीं, सरबत करावें, असें आम्हीं उलट टपालीं कळविलें. पाण्याविषयीं कांहीं लिहिलें नाहीं.