डब्यामागचे दगड

म्हाताऱ्या माणसाला ‘तेव्हा तुम्हाला काय वाटलं?’ असं विचारलं, की तो भाषण करतो. पंधरा ऑगस्टला शाळेत केलेलंच. त्यापेक्षा ‘हातात काय होतं?’ असं विचारावं. साताऱ्यात इंग्रजांविरुद्ध उभ्या राहिलेल्या प्रतिसरकारातल्या माणसांच्या आठवणी गोळा करताना मला हे उमगलं. इथे बहारीनमधल्या सखीरच्या विद्यापीठातली काही मुलं आपल्या आजोबांचं बोलणं रेकॉर्ड करायला निघाली, तेव्हा त्यांनाही पहिलं हेच सांगितलं.

७ जून १९४३ला प्रतिसरकारच्या तुफान सेनेनं शेणोलीला साहेबांच्या पगाराची रक्कम नेणारी गाडी लुटली, हे सगळेच सांगतात. कुंडलच्या कॅप्टन भाऊ लाडांनी मात्र पत्रकार पी. साईनाथांना सांगितलं ते दगडांबद्दल. आधी इंजिनासमोर रचले. मग शेवटच्या डब्यामागेही, गाडी मागे पळू नये म्हणून. हत्यारं म्हणाल तर विळे, काठ्या आणि दोन-तीन गावठी बॉम्ब. त्या पोरांचं डोकं किती थंड होतं, ते मला त्या मागच्या दगडांमुळे कळलं.

प्रतिसरकारचे नेते नाना पाटील यांच्या लेकीचं, हौसाताईंचंही तसंच. भवानीनगरच्या पोलीस ठाण्यासमोर नवरा-बायकोचं भांडण रंगवायचं, पोलीस सोडवायला बाहेर आले की साथीदारांनी आतल्या बंदुका पळवायच्या, असा बेत. नव्वदी ओलांडलेल्या हौसाताई बोलल्या त्या माराबद्दल: सोंग खोटं, पण मार खरा बसला! २०२१ साली त्या गेल्या, पुढच्या फेब्रुवारीत कॅप्टन भाऊ.

आता इथल्या मुलांच्या आजोबांकडे येऊ. सखीरजवळच्या जबल दुखानपाशी १९३२ साली तेल लागलं. ते काढणाऱ्या बापको कंपनीनं मार्च १९६५मध्ये शेकडो कामगार कमी केले आणि इंग्रजांच्या छत्राखालचं हे बेट पेटलं. विद्यार्थीही रस्त्यावर उतरले. त्यातली शाळकरी पोरं आता पंचाहत्तरी ओलांडून गेलीत.

मुलांना मी सांगतो, आजोबांची तारीख चुकली तरी मध्ये टोकू नका. ती कागदावरून तपासता येते. बोली जशीच्या तशी लिहा. ‘आमी’चं ‘आम्ही’ केलं, की कुंडलचा माणूस पुण्याचा होतो. अरबीतही असंच होत असणार. आणि आजीला शेजारी बसवा. कुणाला कुठल्या खोलीत लपवलं, दार ठोठावल्यावर उघडायला कोण गेलं, रात्री इतक्या जणांचं जेवण कुणी रांधलं, हे तिला विचारा. सुट्टी लागेपर्यंत थांबू नका, या शुक्रवारीच जा.