दोन घरांतली जेवणं

फ्रान्समधल्या लील शहरात शिकत असताना मी एका आजींच्या घरी खोली घेऊन राहत होते. ऑक्टोबर २०१३ मध्ये अब्देलातिफ केशिश यांचा ‘ब्लू इज द वॉर्मेस्ट कलर’ लागला आणि आम्ही दोघी मिळून पाहायला गेलो. कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, पाम द’ऑर, मिळवलेला सिनेमा, त्यात कथा लीलचीच.

बाहेर चर्चा होती ती लांबलेल्या प्रणयदृश्यांची. माझ्या मनात मात्र आदेल आणि एमा या प्रेमात पडलेल्या दोघींच्या घरची दोन जेवणं राहिली. एमाच्या घरी ऑयस्टर मांडलेले; तिची आई आणि सावत्र वडील आदेलचं स्वागत लेकीची प्रेयसी म्हणूनच करतात. आदेलच्या घरी स्पॅगेटी. तिथे एमा फक्त तत्त्वज्ञानात मदत करणारी मैत्रीण असते, आणि आपला एक मित्र आहे असं खोटं सांगते. आदेलचे वडील प्रेमळ आहेत. चित्रं काढून पोट कसं भरणार, ही त्यांची काळजीही खरी आहे. तरीही त्या घरात मुलीला खरं बोलता येत नाही. मी सांगलीच्या अशाच मायाळू, अबोल घरात वाढले, म्हणून ते जेवण मला फार लागलं.

आजींचं माहेर गिरणी कामगारांचं. ‘‘आमच्याकडे पोटभर वाढायचे, पण मनातलं कुणी विचारत नसे,’’ परतताना त्या म्हणाल्या. समलिंगी विवाहाचा कायदा त्याच वर्षी मे महिन्यात झाला होता. पाम द’ऑर जाहीर झाला त्या रविवारी पॅरिसमध्ये त्याविरुद्ध प्रचंड मोर्चा निघाला होता. आजींच्या नात्यात दोन्ही बाजूंची माणसं होती. ‘फ्रान्स मोकळा देश’ या वाक्यात हे काहीच मावत नाही.

पुढे रोबँ काम्पियो यांचा ‘१२० बीपीएम’ (२०१७) पाहिला. एड्सविरुद्ध लढणाऱ्या ‘अॅक्ट अप’च्या पॅरिसमधल्या तरुणांची ही गोष्ट. त्यांच्यातला शॉन एड्सने जातो त्या रात्री त्याची आई त्याच्या जोडीदाराच्या घरातच असते. मित्र जमतात. मुलाची राख निषेधासाठी वापरायची का, यावर ती त्यांच्याशी बोलते आणि होकार देते. मुलाचं प्रेम आणि त्याचा लढा, दोन्ही तिने आपले मानलेले आहेत.

कायदा लग्नाची नोंद करून देतो. मुलाच्या माणसांना आपली माणसं मानण्याचं काम घरच्यांनाच करावं लागतं, आणि मूल जिवंत असताना, रोजच्या जेवणापासून ते सुरू व्हायला हवं.