आधी जखम, मग मार

ख्रिस्तोफर नोलनच्या 'फॉलोइंग'ची आणखी एक प्रत आहे. क्रायटेरियनने २०१२ साली काढलेल्या डिस्कवर तोच चित्रपट घटना घडल्या त्या क्रमाने लावून दिला आहे. माझ्याकडे संकलन शिकायला येणाऱ्या मुलाने दोन्ही पाहिले आणि विचारलं, "ताई, सरळ लावला तर सगळं नीट कळतं. मग उलटापालट कशाला?" प्रश्न साधा आहे. पण तो आल्यापासून मी टाइमलाइनवर पूर्वीसारखी कापत नाही. कट मारते, थांबते, परत मागे जाते.

या चित्रपटाबद्दल सगळे खर्चाचंच बोलतात. १९९८ सालचा, जेमतेम सत्तर मिनिटांचा, साधारण तीन हजार पौंडांत झालेला. सगळ्यांच्या नोकऱ्या, म्हणून वर्षभर शनिवारी शनिवारी शूटिंग. सोळा एमएम, कृष्णधवल, खिडकीतून येईल तो उजेड, कॅमेरा दिग्दर्शकाच्याच खांद्यावर. पैसा मुख्यतः जायचा फिल्म आणि लॅबमध्ये, म्हणून नाटकासारख्या तालमी करून एखाद-दुसऱ्या टेकमध्ये सीन संपवायचा. माझ्या धंद्यातला माणूस एवढं ऐकूनच सावध होतो. दुसरा टेक नाही म्हणजे लपायला जागा नाही. गॅरेथ हील आणि नोलन यांनी जे होतं त्यातूनच संकलन केलं.

असे स्वस्तातले चित्रपट हे ब्रिटिशांचं जुनं पीक आहे. १९२७च्या कायद्याने थिएटरांना देशी चित्रपट दाखवणं भाग पाडलं, तेव्हा फुटाला एक पौंड या हिशेबाने झटपट चित्रपट निघत आणि त्यांत गुन्हेकथा भरपूर असत. मायकेल पॉवेलसारखा दिग्दर्शक त्याच गिरणीतून बाहेर पडला. खर्च फुटांत मोजला की माणूस विचारही फुटांत करतो. ती शिस्त मला 'फॉलोइंग'मध्ये दिसते.

पण मला छळतं ते वेगळंच. लंडनमध्ये एक बेकार, होतकरू लेखक अनोळखी माणसांच्या मागे मागे फिरतो. त्याला कॉब नावाचा सुटाबुटातला घरफोड्या हेरतो आणि सोबत घेतो. या तरुणाचे तीन अवतार आपण पाहतो. वाढलेले केस आणि गबाळे कपडे. मग केस कापलेला, सूट घातलेला. आणि मग मार खाल्लेला, सुजलेला चेहरा. चित्रपट या तिन्ही काळांत उड्या मारतो. पडद्यावर तारीख नाही, रंगाची खूण नाही, कारण रंगच नाही. आपण चेहरा वाचतो आणि कुठे आहोत ते ठरवतो.

ठरवायला किती वेळ लागतो? सेकंदाला चोवीस फ्रेम. सातव्या फ्रेमला केस दिसले आणि एकविसाव्याला ओठ हलले, तर पहिला शब्द प्रेक्षकाच्या हातून निसटतो. चेहरा जास्त वेळ धरला तर वाटतं, आपल्याला बोट धरून नेताहेत. या दोन्हींच्या मधली जागा मला अजून सापडत नाही. सध्या माझ्यासमोर जो चित्रपट आहे, त्यात एकच बाई, एकच घर, दोन काळ, मध्ये जेमतेम एक वर्ष. केस तेच, साडीही बऱ्याचदा तीच. बदललंय ते एवढंच, की नंतरच्या काळात ती दाराकडे पाहत नाही. त्या न पाहण्यावर उडी बसेल अशी माझी खात्री आहे. मी तो कट चार फ्रेम अलीकडे नेते, सहा पलीकडे नेते, रात्री झोपेतही नेते. दिग्दर्शक म्हणतात, "एक वर्षापूर्वी" असं लिहून टाका.

ते मी लिहिणार नाही. हल्लीच्या मालिकांत प्रत्येक उडीला पाटी असते आणि भूतकाळ पिवळा असतो. प्रेक्षकाचा हा अपमान आहे, असं मी मानते. त्याच १९९८ साली गाय रिचीचा 'लॉक, स्टॉक अँड टू स्मोकिंग बॅरल्स' आला आणि त्यामागून बंदुका, शिव्या आणि झटक्याच्या कटांची रांग लागली. ते कट बघणाऱ्याला सांगत राहतात, बघा मी किती चपळ आहे. डिजिटलमुळे भर पडली ती ढिगाची. तीस तीस टेक येतात, आणि सेटवर जो निर्णय व्हायला हवा होता तो संकलकाच्या टेबलावर येऊन पडतो.

मात्र मलाही कौतुक हवं असतं, आणि ते लपवण्यात अर्थ नाही. न दिसणारा कट हाच खरा, असं मी मुलांना सांगते. आणि पहिल्या खेळाला थिएटरमध्ये बसले की पडद्याकडे न पाहता प्रेक्षकांकडे पाहते. माझ्या उडीवर कुणी श्वास रोखला का, एवढंच मला हवं असतं. 'फॉलोइंग' पाहताना मला हील आणि नोलनचा हेवा वाटतो. असा हेवा मला कुणा श्रीमंत चित्रपटाचा वाटलेला नाही.

त्या मुलाला मी सांगितलं ते असं. सरळ प्रतीत मार जेव्हा बसतो तेव्हाच जखम होते. आपण वाईट वाटून घेतो आणि पुढे जातो. मूळ चित्रपटात जखम आधी दिसते. मग सूट घातलेला, केस विंचरलेला, स्वतःवर खूश असलेला तो तरुण जेव्हा जेव्हा येतो, तेव्हा त्याच्या स्वच्छ गालावर आपल्याला ती जखम दिसते, जी अजून झालेलीच नाही. कुठल्याही मेकअपवाल्याला हे जमणार नाही. हे फक्त क्रमाने होतं. सरळ प्रतीत गोष्ट पूर्ण कळते आणि भीती संपूर्ण जाते.

दोन्ही पाहणार असाल तर मूळ चित्रपट आधी पाहा. सरळ प्रत आधी पाहिलीत, तर तो गाल तुम्हाला पुन्हा तसा दिसणार नाही.