अर्धे अशोक सराफ

मुंबईतील स्टेट बँकेत सुमारे दहा वर्षे नोकरी करणारा एक गृहस्थ पुढे साऱ्या महाराष्ट्राला हसवता झाला, ही गोष्ट आम्हां कारकून मंडळींस विशेष जिव्हाळ्याची वाटते. अशोक सराफ यांचा जन्म १९४७ सालचा. मामा गोपीनाथ सावकार नाटकवाले. त्यामुळे भाच्याच्या वाट्यास शिरवाडकरांच्या ‘ययाति आणि देवयानी’तील विदूषक तरुणपणीच आला. दिवसा बँक आणि रात्री रंगभूमी असा संसार त्यांनी बरीच वर्षे केला. १९७५ सालच्या ‘पांडू हवालदार’ने पडद्यावर नाव मिळवून दिले आणि मग चित्रपटांची रांगच लागली. ती सारी मोजीत बसण्याचे आम्हांस प्रयोजन दिसत नाही. त्यांत सुमार चित्रपटही पुष्कळ आहेत.

मात्र १९८८ सालच्या ‘अशी ही बनवाबनवी’वर थांबलेच पाहिजे. बदलीच्या नोकरीत घर शोधण्याचा प्रसंग ज्यांच्यावर वारंवार येतो, त्यांना हा चित्रपट निव्वळ विनोदी वाटणे कठीण! चार तरुणांना डोक्यावर छप्पर हवे आहे आणि घरमालकिणीला बिऱ्हाड हवे ते जोडप्यांचे. सचिन आणि लक्ष्मीकांत बेर्डे लुगडी नेसून मोकळे होतात. सराफांचा धनंजय माने लुगडे नेसत नाही. त्याला या साऱ्या सोंगाशेजारी गंभीर चेहऱ्याने उभे राहून ते खरे आहे असे भासवावयाचे आहे. चेहऱ्यावरची एक रेषा हलली तर चौघेही रस्त्यावर! आमच्या मते सराफांच्या विनोदाचे मर्म येथेच आहे. ते बहुधा जबाबदार माणसाचे काम करतात, आणि त्याला स्वतःला हसण्याची सवड नसते म्हणून आपण हसतो.

आमचे सध्याचे बिऱ्हाड बंगळुरास चिकपेटेत, एका रेशमी साड्यांच्या दुकानावरच्या दोन खोल्यांत आहे. चिक्क म्हणजे लहान, आणि पेटे ही आपलीच पेठ. नावापुरते तरी परकेपण वाटू नये, अशी ही जागा. खालच्या दुकानदारांस सराफ ठाऊक आहेत, पण ते ‘हम पाँच’चे. १९९५ साली झी वाहिनीवर सुरू झालेल्या त्या हिंदी मालिकेत पाच मुलींचा गांजलेला बाप त्यांनी रंगविला होता. दिवंगत पहिली पत्नीही तसबिरीतून त्याला बोल लावी. ‘करण अर्जुन’मधला मुनशी आणि ‘सिंघम’मधला हवालदारही त्यांनी पाहिला आहे. अधिक काही आहे याची मात्र त्यांना कल्पना नाही. हिंदीत सराफ वाईट दिसत नाहीत, पण ते अर्धेच दिसतात. वाक्याच्या शेवटी क्षणभर रेंगाळून एखादा शब्द सहज टाकून देण्याची त्यांची जी लकब आहे, ती मराठीबाहेर पडताच निम्मी गळून जाते.

आमची अवस्था याहून निराळी नाही. चार वर्षांत भाजी घेण्यापुरते, रिक्षा ठरविण्यापुरते आणि घरभाड्याची पावती मागण्यापुरते कन्नड आले. त्या भाषेत आम्ही सभ्य आहोत, नियमित आहोत. पण कोणासही एकदादेखील हसविलेले नाही. गावाकडे आमची गणना मिस्कील माणसांत होते, हे येथे सांगितले तर कोणी मानणार नाही.

सराफांना २०२५ साली पद्मश्री जाहीर झाली. त्या निमित्ताने आम्ही दुकानदारांना मोडक्या कन्नडमध्ये ‘बनवाबनवी’ची कथा सांगावयास घेतली. लुगड्याच्या जागी आम्हांस वाटले, आता हसतील. ते हसले नाहीत. उलट लुगडी सुती की रेशमी, असे त्यांनी विचारले. शेवटपर्यंत शांतपणे ऐकून घेतल्यावर त्यांचा प्रश्न आला, “मग घर मिळाले का?”

“मिळाले,” आम्ही म्हणालो.

“दहा महिन्यांचे भाडे आगाऊ न देता?”

आम्हांस एकदम हसू फुटले. ते किंचित गोंधळले, आमच्याकडे पाहत राहिले, आणि मग तेही हसू लागले.