हरलेल्याला हसू नका

मुलांनो, सामना हरून परतणाऱ्या संघाला कोणी हसले, की मला वाईट वाटते. अशा वेळी मला आपल्या बीड जिल्ह्यातील धावपटू अविनाश साबळे आठवतात. आष्टी तालुक्यातील मांडवा हे त्यांचे गाव. त्यांच्या ३००० मीटरच्या शर्यतीत २८ अडथळे आणि ७ वेळा पाण्याचा खड्डा ओलांडावा लागतो. ऑगस्ट २०२३ मध्ये बुडापेस्टच्या जागतिक स्पर्धेत ते पहिल्याच फेरीत बाद झाले. आम्ही सारे हळहळलो. पण सहाच आठवड्यांनी, १ ऑक्टोबरला, हांगझोऊच्या आशियाई क्रीडा स्पर्धेत त्यांनी याच शर्यतीत सुवर्णपदक जिंकले! तेव्हा हरलेल्या मित्राला हसू नका. "उद्या सरावाला किती वाजता यायचे?" एवढेच त्याला विचारा.