चार्जरच्या पोटात

पुण्याला निघायची तारीख ठरली की न्यू जर्सीतल्या आमच्या घरी नातेवाइकांचे फोन सुरू होतात. कुणाला एअरपॉड्स हवे असतात, कुणाला आयफोनचा चार्जर. ‘फर्स्ट कॉपी असली तरी चालेल’ असंही हल्ली मोकळेपणाने सांगतात. मला त्याची काळजी वाटते, कारण पॉवर सप्लाय तयार करणं हेच माझं काम आहे.

म्हणून न्यूयॉर्कच्या कॅनाल स्ट्रीटवर फुटपाथवरून ॲपलच्या पाच वॉटच्या ॲडॉप्टरची नक्कल आणली आणि घरातल्या बंद पडलेल्या अस्सल ॲडॉप्टरशेजारी ठेवून दोन्ही कापले. बाहेरची छपाई हुबेहूब, ‘100 ते 240 व्होल्ट’ हा आकडासुद्धा तोच. वजन मात्र कमी.

खरा फरक पोटात होता. अस्सल ॲडॉप्टरमध्ये भिंतीकडची वीज आणि फोनकडचे पाच व्होल्ट यांच्यात काही मिलिमीटर मोकळी जागा राखलेली होती. ट्रान्सफॉर्मरवर टेपचे थर होते, फोनकडच्या तारेला स्वतःचं जाड आवरण होतं. नकलेत दोन्ही बाजूंचे ट्रॅक एक मिलिमीटरहूनही जवळ आलेले, तारेवर नुसतं वार्निश. फिल्टरचे भाग तर बसवलेच नव्हते. तेवढं वार्निश निघालं की मेनची वीज थेट हातातल्या फोनवर येते.

अमेरिकेत 120 व्होल्ट असतात. लहरीच्या शिखरावर सुमारे 170. भारतात 230, म्हणजे शिखरावर 325 च्या घरात. इथे वर्षभर बिनतक्रार चाललेली नक्कल तिथे जवळजवळ दुप्पट ताणाखाली येते. 2016 मध्ये यूएल या अमेरिकी संस्थेने आयफोनचे 400 नकली ॲडॉप्टर तपासले. सगळ्या चाचण्यांत टिकले फक्त तीन, आणि 12 तर शॉकने जीव घेण्याइतके धोकादायक निघाले.

सगळ्याच नकला वाईट, असं मी म्हणणार नाही. 1982 मध्ये कॉम्पॅकने आयबीएमच्या पीसीशी जुळणारा संगणक जाहीर केला. त्यासाठी बायॉस, म्हणजे संगणक सुरू करणारं मूळ सॉफ्टवेअर, स्वतः नव्याने लिहिलं आणि वर आपलंच नाव लावलं. पुढे अशाच क्लोनमुळे संगणक स्वस्त झाले. आजही दुसऱ्या कंपनीचा, स्वतःच्या नावाने विकलेला, तपासणी झालेला चार्जर मी बिनधास्त वापरतो. दुसऱ्याचं नाव चोरून विकणारा मात्र कशालाच जबाबदार नसतो.

गावी नेण्याच्या बॅगेत खोट्या नावाचा चार्जर ठेवू नका. अस्सल परवडत नसेल, तर चॉकलेटं न्या.