अडकलेली कॅसेट

पावसाळ्यात फुगलेला खण, गंजलेल्या डब्याचे झाकण, कुलपात अडकलेली किल्ली यांच्यापुढे भलीभली शहाणी माणसे आपला संयम गमावून बसतात. वस्तू अडली की माणसाचा हात प्रथम जोराकडे वळतो. डोळ्यांचे काम पुष्कळदा मागाहून सुरू होते. आणि तोवर व्हायचे ते नुकसान होऊन गेलेले असते.

अमेरिकेतील न्यू जर्सी राज्यात एडिसन नावाचे गाव आहे. तेथे मराठी कुटुंबांची वस्ती बरीच आहे. त्यांपैकी एका घरी साताऱ्याचे एक वृद्ध गृहस्थ आपल्या मुलीकडे हिवाळ्यात राहावयास गेले होते. त्यांची उभी हयात एस.टी.च्या कार्यशाळेत इंजिने उघडण्यात आणि मिटवण्यात गेली होती. बाहेर बर्फ, घरात करण्यासारखे काम नाही. त्यामुळे त्यांचे हात अगदी शिवशिवत असत. मुलीच्या घरातील एकूण एक दारांच्या बिजागऱ्यांना त्यांनी पहिल्याच आठवड्यात तेल घालून टाकले होते!

एका शनिवारी दुपारी त्यांना नातवाच्या खोलीतून दात-ओठ खाल्ल्यासारखा आवाज आला. डोकावून पाहतात तो काय, नातू जमिनीवर बसलेला, मांडीवर करड्या रंगाचे एक विटेसारखे जाडजूड यंत्र आणि हातात लोखंडी पकड.

"अरे, अरे! पकड खाली ठेव आधी," आजोबा म्हणाले.

नातवाने पकड खाली ठेवली, पण त्याचे डोळे भरून आले होते. हळूहळू सारी हकीकत बाहेर पडली. ते यंत्र म्हणजे जुना 'गेम बॉय'. शेजारच्या अंगणात मांडलेल्या जुन्या वस्तूंच्या विक्रीतून त्याने तो स्वतःच्या पैशांनी घेतला होता. आतली तांबडी कॅसेट मात्र त्याची नव्हती. (मुले तिला 'कार्ट्रिज' म्हणत, आजोबांच्या तोंडी 'कॅसेट' हाच शब्द बसला होता.) मित्राने ती आपल्या वडिलांच्या खणातून, त्यांना न विचारता आणून दिली होती. खेळ होता पोकेमॉनचा, 1998 साली अमेरिकेत निघालेला. मित्राच्या वडिलांनी लहानपणी तो महिनोन्महिने खेळून त्यातील आपली मजल कॅसेटमध्ये जपून ठेवली होती, असे मित्र सांगत असे. रविवारी संध्याकाळपर्यंत ती परत खणात जावयाची होती, आणि आता ती यंत्रातून तसूभरही हलत नव्हती.

आजोबांनी यंत्र उलटेपालटे करून पाहिले. असले यंत्र त्यांनी पूर्वी कधी हाताळले नव्हते. परंतु ज्याने ते घडवले तो गृहस्थ त्यांच्याच जातकुळीचा होता, हे त्यांना ठाऊक असते तर त्यांना खचितच आनंद झाला असता. जपानमधील क्योतो शहरात 1889 साली स्थापन झालेली निन्तेन्दो ही कंपनी मुळात खेळण्याचे पत्ते बनवी. तेथे 1965 साली गुनपेई योकोई नावाचा तरुण पत्ते तयार करणाऱ्या यंत्रांची देखभाल करण्यासाठी नोकरीस लागला. फावल्या वेळात त्याने लांब-आखूड होणारा एक गमतीचा चिमटा तयार केला; मालकाच्या तो दृष्टीस पडला, आणि यंत्रांना तेलपाणी करणारा माणूस खेळणी घडवू लागला. नव्या महागड्या युक्त्यांमागे धावण्यापेक्षा जुन्या, स्वस्त आणि पुरत्या अंगवळणी पडलेल्या साधनांचा नवा उपयोग शोधावा, असे त्याचे मत होते. त्याच्या देखरेखीखाली 1989 साली गेम बॉय बाजारात आला. पडदा बिनरंगी, छटा अवघ्या चार. प्रतिस्पर्ध्यांची यंत्रे रंगीत होती; पण ती सहा सेल काही तासांत गिळून टाकीत. हे बापडे चार सेलांवर कितीतरी अधिक वेळ चाले. दांडगटपणे वापरणाऱ्या मुलांच्या हाती ते टिकले, ते उगीच नव्हे.

"हिला तू आत कशी घातलीस?" आजोबांनी विचारले.

"सरळ गेली आजोबा. दोन तास खेळलो. मग सेल संपले आणि दिवा विझला. नवे सेल घालण्याआधी कॅसेट काढून ठेवावी म्हटलं, तर निघेचना."

"दिवा विझला. आणि बटण?"

नातू गोंधळला. दिवा विझला म्हणजे यंत्र बंद झाले, हा त्याचा समज. आणि असा समज कुणाचाही झाला असता. आजोबांनी चष्मा सारखा करून यंत्राच्या माथ्यावरील सरकते बटण निरखले. ते अद्याप चालू बाजूलाच होते. खिडकीच्या उजेडात धरून त्यांनी बटण सावकाश मागे सरकवले, पुन्हा पुढे नेले. तेव्हा आतली गंमत त्यांच्या ध्यानी आली. बटण पुढे गेले की त्याच्याबरोबर प्लॅस्टिकची एक बारीक जीभ सरके आणि कॅसेटच्या कोपऱ्यातील खाचेत जाऊन बसे. खेळ चालू असताना कुणी कॅसेट उपसली तर आत साठवलेले बिघडण्याचे भय. म्हणून कर्त्याने ही कडी घालून ठेवली होती. तिला विजेशी कर्तव्य नव्हते. सेल संपोत की दिवा विझो, बटण मागे घेतल्यावाचून ती कडी निघणार नव्हती.

बटण मागे घेऊन आजोबांनी कॅसेट दोन बोटांनी धरली. तरीही ती किंचित अडली. वरच्या चिठ्ठीचा एक कोपरा सुटून गुंडाळला गेला होता आणि त्याचा जुना गोंद कडेला चिकटला होता. डावीकडे केसभर, उजवीकडे केसभर असे करीत त्यांनी ती बाहेर काढली.

नातवाने टाळी वाजवली आणि कॅसेटच्या तोंडाशी फुंकर मारण्यासाठी ओठ पुढे केले. आजोबांनी तिच्यावर हात धरला. फुंकर ही मुलांची जगभरची रीत. पण श्वासातील दमट हवेने धातू गंजतो, आणि फुंकू नका असे खुद्द कंपनीही बजावत आली आहे. नवे सेल घातल्यावर पडद्यावर कंपनीच्या नावाऐवजी नुसती काळी पट्टी खाली उतरली आणि यंत्र तिथेच थबकले. त्याचे कारण असे की, हे यंत्र प्रथम कॅसेटमधून ते नाव वाचते, आपल्याजवळच्या नावाशी ताडून पाहते आणि ते जुळले तरच पुढे जाते. बत्तीस सोनेरी पट्ट्यांवर मळ बसलेला असेल तर ते वाचणार कसे? मुलीच्या औषधपेटीतील आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये कापसाची काडी भिजवून आजोबांनी एकेक पट्टी पुसली. काडी काळी झाली, दुसरी घेतली, तिसरी पांढरीच राहिली. सारे चांगले वाळू दिले. मग मात्र पडद्यावर नाव स्वच्छ उतरले आणि यंत्राने आपला तो चिमुकला घंटानाद केला.

परंतु नातवाचा चेहरा पुन्हा उतरला. नवा खेळ सुरू करा, एवढेच पडद्यावर उमटले होते. पूर्वीचा खेळ पुढे चालवण्याची ओळ नव्हतीच. मित्राच्या वडिलांचे बालपण कुठेतरी विरघळून गेले होते.

"मी ओढली म्हणून गेलं?" त्याने विचारले.

त्यासाठी कॅसेटच्या पोटात बटणाएवढा एक सेल डाग देऊन बसवलेला असतो, आणि पंचवीस वर्षांहून जुना सेल आपोआपही मरतो, हे संध्याकाळी नातवाच्या आईने समजावून दिले. पण नक्की केव्हा मेला, ते कोण सांगणार? आजोबांनी त्याला धीर दिला नाही, की दोषही दिला नाही. कॅसेटच्या कडेवर पकडीचे दोन पांढरे ओरखडे उमटले होते. तिकडे मात्र त्यांचे लक्ष वारंवार जात होते.

कॅसेट गुपचूप खणात गेली असती तर कदाचित कुणाला पत्ताही लागला नसता. शिवाय खरे सांगावे तर मित्रही बोलणी खाणार. नातू रात्री उशिरापर्यंत जागा होता. सकाळी त्याने आधी मित्राला गाठले, आणि मग दोघेही त्याच्या वडिलांपुढे जाऊन उभे राहिले. आजोबा दाराशी बूट घालून थांबले होते.

त्या गृहस्थांनी सारे ऐकून घेतले. आपल्या मुलाकडे त्यांनी जरा कडक नजरेने पाहिले. मग ते म्हणाले, "त्यातला खेळ चार वर्षांपूर्वीच गेला. मी लावून पाहिला होता. टाकून देववेना, म्हणून खणात ठेवली."

नातवाने सुटकेचा श्वास सोडला. ते मात्र कॅसेट उजेडात धरून त्या दोन ओरखड्यांवरून अंगठा फिरवीत होते. "हे?"

"ते माझे," नातू म्हणाला.

त्यांनी मान हलवली. थोड्या वेळाने ते आजोबांकडे वळले आणि डाग देण्याची कावीय त्यांना हाताळता येते का, असे त्यांनी नातवाकरवी विचारले. आजोबांनी उत्तरादाखल कोट काढून खुंटीला अडकवला.